मिहुली या नावाची चौकशी

घोटावडे, ता. मुळशी
बुधवार, सकाळचा दुसरा चहा झाल्यावर

तीर्थस्वरूप लीलाक्का हिस,

धाकटा भाऊ जनार्दन याचा नमस्कार (साष्टांग घालायचा होता, पण डावा गुडघा अर्ध्या वाटेत थांबतो, तेव्हा जेवढा झाला तेवढा गोड मानून घे). तुझी तब्येत बरी असेल असं धरून चालतो. मागच्या आठवड्यात तुझा फोन आला तेव्हा तू पंचवीस मिनिटं श्वास न घेता बोललीस, त्यावरून दमा बराच आटोक्यात आलेला दिसतो. दाजींच्या मोतीबिंदूचं काय झालं ते कळव. ऑपरेशन झालं असेल तर त्यांना आता तू स्पष्ट दिसायला लागली असशील, तेव्हा थोडे दिवस त्यांना सांभाळून घे. इकडे मी, सौ., शेखर, ऋतिका आणि दोन म्हशी असे सर्व जण खुशाल आहोत. मागच्या चाळीतल्या खोल्याही सगळ्या भरल्या आहेत.

फोन न करता पत्र का लिहितोय असं तू विचारशील. अक्का, तुझ्या घरी फोन करणं म्हणजे चावडीवर उभं राहून बोलणं. तू फोन स्पीकरवर टाकतेस, मग दाजी, सूनबाई, शेजारची आणि शेजारणीची भाजी निवडायला आलेली पाहुणी असे सगळे मिळून ऐकतात. व्हॉट्सॲपवर लिहावं तर तुझा नातू ते मोठ्याने वाचून दाखवतो. विषय नाजूक आहे. तेव्हा चष्मा लाव, आतल्या खोलीत जा, दार लोटून घे आणि मनातल्या मनात वाच. (मनातल्या मनात म्हणजे ओठ न हलवता. तुझे ओठ हलले की आवाज आपोआप येतो.)

तर, आपल्या शेखरची मुलगी आज सतरा दिवसांची झाली. वजन बेताचं आहे, आवाज मात्र ग्रामसभेत बसवावा असा आहे. रंगावरून घरात दोन पक्ष पडले आहेत, पण नाक आपल्या घराण्याचं आहे याबद्दल कुणाचंच दुमत नाही आणि त्याबद्दल सगळ्यांनी ऋतिकाचं सांत्वनही केलं. पहिलं बाळंतपण खरं तर तिच्या माहेरी, लवळ्याला व्हायचं. पण तिची आई, साधनाताई, तीन वर्षांपूर्वी गेल्या हे तुला ठाऊकच आहे. म्हणून डिंकाचे लाडू, शेक-शेगडी, सगळं आपल्याकडेच चाललं आहे. बाळाला न्हाऊमाखू घालायला नाथा धनगराची अंबाबाई येते. ती बाळाला अशी चोळते की बघणाऱ्याची हाडं दुखावीत. येत्या रविवारी बारसं ठरलं आहे. मांडव सांगितला, घुगऱ्यांसाठी हरभरे आणले, पाळणा धुऊन उन्हात ठेवला. फक्त नाव राहिलं आहे, आणि सगळा घोळ तिथेच आहे.

झालं असं की, बाळ पाच दिवसांचं असताना ऋतिकाने आपल्या आईच्या पत्र्याच्या पेटीतून एक चिमुकलं पुस्तक काढलं. पिवळं पडलेलं, कोपरे उंदराने तपासलेले. ‘बाळांची एकशे आठ गोंडस नावे, अर्थ व मूळ यांसह’. पिरंगुटच्या एका पाळण्यांच्या दुकानात पाळणा घेतला की पूर्वी हे पुस्तक फुकट देत. त्यात ‘मिहुली’ या नावापुढे साधनाताईंनी लाल शाईने बरोबरची खूण केली आहे, आणि नुसती खूण करून त्यांचं भागलं नाही म्हणून भोवती फूलही काढलं आहे. छापलेला अर्थ असा : ‘पहाटे पाण्यावर पडणारे पहिले ऊन. मूळ : प्राकृत.’ साधनाताईंना म्हणे ऋतिकाचंच नाव मिहुली ठेवायचं होतं. पण नाव ठेवण्याचा मान आत्याचा, आणि ऋतिकाच्या आत्याला ऋतिका हे नाव आवडत होतं, त्यामुळे मिहुली राहून गेली. आता आईची तेवढी एक इच्छा आपल्या लेकीच्या नावात उतरावी, असं ऋतिका म्हणते. एरवी ती पोर काही मागत नाही. चार वर्षांत तिने माझ्याकडे एकदाच काही मागितलं होतं, ते म्हणजे मी तंबाखू सोडावी. (तो विषय वेगळा आहे.)

आता या बाळाची आत्या कोण? आपली शुभांगी. हिंजवडीच्या कंपनीत ती काय काम करते हे मला आठ वर्षांनी या निमित्ताने कळलं. दुसऱ्यांनी केलेल्या कामातल्या चुका शोधून काढायच्या, एवढंच तिचं काम. त्याचा तिला पगार मिळतो! हीच गोष्ट तुझ्या वहिनीने पस्तीस वर्षं फुकट केली. तर शुभांगी वाकडहून रजा घेऊन आली, पुस्तक उलटंसुलटं करून पाहिलं आणि म्हणाली, हे नाव मी कुठेच ऐकलेलं नाही, प्राकृत म्हणजे नेमकं कुठलं प्राकृत, याला आधार काय? उद्या ही मुलगी मोठी होऊन मला विचारील, आत्या, माझ्या कानात काय सांगितलंस, तर मी काय उत्तर देऊ? अर्थ आणि मूळ तपासून खरं निघालं तरच मी हे नाव बाळाच्या कानात सांगेन, नाहीतर दुसरं शोधा. ऋतिकाने पुस्तक उचललं आणि बाळाच्या उशीखाली ठेवलं. शेखर जो बाहेर गेला तो उरवड्याच्या कारखान्यात दुपारपाळी मागून घेऊनच परत आला, आणि तेव्हापासून तो घरी फक्त जेवायला येतो.

मग दोघींनी मिळून निवाडा माझ्यावर सोपवला. कारण उघड आहे. मी एकतीस वर्षं हायस्कूलात कारकून होतो (गाव मला गुरुजी म्हणतं, ते मी कधी दुरुस्त केलेलं नाही). या भागातली दोन पिढ्यांची नावं माझ्या हाताने जनरल रजिस्टरात चढली आहेत. रकाना रिकामा ठेवायचा नाही, हे माझं तत्त्व तुला माहीतच आहे. पोराच्या जन्मतारखेची आठवण आईबापांना नसली की मी एक जून लिहायचो, त्यामुळे घोटावड्यात आजही एक जूनला एवढे वाढदिवस असतात की बेकरीवाला आदल्या आठवड्यापासून माझ्या नावाने देवाला हात जोडतो. असा माणूस नावाच्या बाबतीत अधिकारी नाही तर कोण? शनिवारी संध्याकाळी निकाल द्यायचा असं ठरलं आणि मी चौकशीला लागलो.

पहिली तपासणी शुभांगीच्याच फोनवर झाली. नावांचे अर्थ सांगणारी तीन ॲपं तिने उतरवून घेतली. पहिल्यात मिहुली म्हणजे ‘वादळाची कन्या, मूळ ग्रीक’. दुसऱ्यात ‘डाळिंबाची कळी, मूळ फारसी’. तिसऱ्याने अर्थ उपलब्ध नाही असं प्रामाणिकपणे सांगितलं, पण शुभ अंक सात, शुभ रंग मोरपंखी आणि वैमानिक किंवा तहसीलदार होण्याचा योग, एवढं पदरात टाकलं. मी म्हटलं, तहसीलदार आहे ना, मग तिसरं धरा. पण शुभांगी हाडाची चुका काढणारी. तिने ॲपाचीच परीक्षा घ्यायचं ठरवलं आणि नावाच्या जागी ‘वरवंटा’ असं लिहिलं. क्षणात उत्तर आलं : ‘वरवंटा. मुलीचे नाव. मूळ संस्कृत. देवीच्या वराने लाभलेली. स्वभाव कोमल.’ नेमकी त्याच वेळी सौ. चटणी वाटायला वरवंटा शोधत आली. त्याचा स्वभाव कोमल असल्याचं ऐकून ती पाट्याशेजारीच बसून हसायला लागली, ती चटणी राहूनच गेली. मग तिने जनार्दन घालून बघायला सांगितलं. ‘चपळ, आधुनिक, कमी बोलणारा’ असं आलं. त्यानंतर दुपारपर्यंत घरात कामच झालं नाही. हसणं ओसरल्यावर शुभांगी गंभीर होऊन म्हणाली, बघा आबा, छापलेल्यावर विश्वास ठेवायचा नाही तो असा. मी मान डोलावली.

म्हणून मग विद्वान माणसाला विचारावं असं ठरलं आणि शुक्रवारी मी लवळ्याच्या डोंगरावरच्या एका विद्यापीठात गेलो. स्वच्छ धोतर, जाकीट, पिशवीत पुस्तक. (पुस्तक ऋतिकाने उशीखालून काढून दिलं, आणि देताना असं दिलं की परत आणाल ना, हे तिला विचारावं लागलं नाही.) फाटकावरच्या वहीत नाव, फोन, वाहन क्रमांक आणि येण्याचं कारण लिहायचं होतं. वाहन तर खाली उतरवून गेलेली सहा आसनी रिक्षा. तिचा नंबर कुणाला ठाऊक? रकाना रिकामा ठेवायचा नाही म्हणून मी आपल्या जुन्या लुनाचा लिहिला. कारणाच्या रकान्यात लिहिलं, ‘नावासंबंधी चौकशी’. तेवढ्यावरून मला प्रवेशाच्या कचेरीत धाडण्यात आलं. तिथे थंडगार खोलीत एक हसतमुख मुलगी होती. तिने मला पाणी दिलं, मला काका म्हटलं आणि विद्यार्थिनीचं नाव विचारलं. मी मिहुली सांगितलं. तिने ते लगेच लिहून घेतलं, अर्थ विचारला नाही, मूळ विचारलं नाही. अक्का, खरं सांगतो, मला त्या मुलीबद्दल एकदम आपुलकी वाटली.

त्या आपुलकीच्या भरात मी तिच्या सगळ्या प्रश्नांना उत्तरं देत गेलो. बारावी झाली का? म्हटलं, अजून अवकाश आहे. सध्या काय करते? म्हटलं, घरीच असते. आवडीनिवडी? आता सतरा दिवसांच्या (तेव्हा बारा) बाळाच्या आवडी काय सांगणार, पण रकाना समोर होता, म्हणून म्हटलं, पाय झाडते, हात उडवते, आणि एकदा सुरू झाली की थांबत नाही. तिने ‘नृत्य’ असं लिहिलं. जन्मतारखेला मात्र गाडी अडली. आयुष्यात पहिल्यांदा मी खरी जन्मतारीख सांगितली आणि संगणकाने ती घेतली नाही! मुलगी म्हणाली, काका, काहीतरी चुकतंय, आठवून सांगा. मी आठवून एक जून सांगितलं, साल अठरा वर्षं मागचं दिलं. संगणकाने मुकाट्याने घेतलं. तासाभराने मी बाहेर पडलो तेव्हा माझ्या हातात गुळगुळीत कागदाचं जाड पुस्तक, एक पेन आणि पाण्याची बाटली होती, आणि आपल्या नातीचा नृत्य व रंगमंच विभागात अर्ज दाखल झाला होता. त्या दिवसापासून रोज दोनदा फोन येतो, मिहुली मॅडमशी बोलायचं आहे. परवा तो शेखरने घेतला. मॅडम दूध पिऊन झोपल्या आहेत, म्हणाला, आणि ठेवून दिला.

विद्वान माणूस भेटला तो उपाहारगृहात. भाषा शिकवणाऱ्या एक प्राध्यापिका चहा घेत होत्या. त्यांनी माझी हकिगत शांतपणे ऐकली, पुस्तक हातात घेतलं, अर्थ वाचला आणि म्हणाल्या की कोशात असा शब्द त्यांच्या पाहण्यात नाही, पण अर्थ सुंदर आहे, आणि ज्याने लिहिला त्याने काहीतरी डोळ्यांनी पाहून लिहिलेला दिसतो. मग त्यांनी विचारलं, याचा संकलक कोण आहे? नेमका तेव्हाच मला चहाचा ठसका लागला. तो बराच वेळ राहिला. त्या बिचाऱ्या पाणी आणायला गेल्या तेवढ्यात मी पुस्तक पिशवीत घातलं आणि दोन वाजताची रिक्षा गाठली.

शुभांगीला हे पुरेना. पुस्तकाच्या पाठीमागे बारीक अक्षरात ‘मुद्रक : कोंडिबा, पिरंगुट’ असं आहे, ते तिने भिंग लावून वाचलं आणि उद्या आपण दोघं जाऊन त्यांनाच विचारू म्हणाली. मी दुसऱ्या दिवशी ती उठायच्या आत एकटाच जाऊन आलो. (पिरंगुटच्या चौकात सकाळी आठनंतर गेलं तर बारसं संपवूनच परत यावं लागेल, एवढी गाड्यांची रांग असते, असं मी घरी सांगितलं.) कोंडिबा आता पुस्तकं छापत नाही, फलक छापतो. त्याच्या दुकानात शिरलं की पन्नास भावी सरपंच एकदम नमस्कार करतात. त्या पुस्तकाबद्दल आपल्याला काहीएक आठवत नाही, असं त्याने मला निक्षून सांगितलं. जाताना दुकानाच्या दारापर्यंत सोडायला आला आणि कुणीही विचारायला आलं तरी आठवणार नाही, असं पुन्हा सांगितलं. माणूस फार सज्जन आहे.

अंबाबाईला मात्र कुणी काही विचारलं नव्हतं, तरी तिने परवा बाळाला पायावर घेऊन निवाडाच देऊन टाकला. म्हणाली, “नावाला अर्थ आसतुया व्हय, गुरुजी? माजं नाव अंबाबाई. म्या कवा वाघावर बसल्ये? मेंढरामागं चालून चालून टाचा झिजल्या. आमच्या घरातल्यानं समद्या मेंढ्यास्नी नावं ठिवल्यात, हाक मारली की पळत येत्यात. एकीनं बी अर्थ इचारला न्हाई. आन् पोरीच्या आयची आय म्हणून गेलीया नव्हं? मंग ठिवा की!” शुभांगी म्हणाली, मावशी, तसं नसतं. अंबाबाईने बाळाच्या टाळूवर तेल थापलं आणि म्हणाली, “तसंच आसतंय.” ऋतिका भिंतीकडे तोंड करून पडली होती, तिने पदर डोळ्यांना लावलेला मी पाहिला. शुभांगीनेही पाहिला असावा, कारण ती उठून विनाकारण घागर भरायला गेली. घागर भरलेलीच होती. मुलगी वाईट नाही गं. तिला एवढंच वाटतं की कानात सांगायची गोष्ट खोटी नसावी. आणि त्यात तिचं चुकतं कुठे?

तर अशी सगळी परिस्थिती आहे. दोन दिवस दोघी एकमेकींशी ‘मीठ दे’ आणि ‘घे’ एवढंच बोलतात. आत्याने नाव सांगितलं नाही तर बारसं होणार नाही, आणि बळेच दुसरं नाव ठेवलं तर ऋतिका हसून पाळणा हलवील, पण आयुष्यभर ती लाल खूण विसरणार नाही. शनिवारी निकाल मी द्यायचा आहे. चौकशी अजून चालू आहे. बाकी क्षेम. दाजींना नमस्कार, तुझ्या सुनेला आणि नातवाला आशीर्वाद. पोह्याच्या पापडांचं पीठ उत्तम निघालं, सौ. तुला कळवायला सांगते.

तुझा धाकटा भाऊ,
जनार्दन

ता. क. : अक्का, वर चौकशी चालू आहे असं लिहिलं ते तितकंसं खरं नाही. चौकशी पहिल्याच दिवशी संपली होती. ऋतिकाने पेटीतून ते पुस्तक काढलं तेव्हाच मी ते ओळखलं. मुखपृष्ठाच्या आतल्या बाजूला ‘संकलक : एक शब्दप्रेमी, मुळशी’ असं छापलं आहे ना, तो शब्दप्रेमी मी. कोंडिबाला पाळणेवाल्याचं काम मिळालं होतं, आणि पाळणेवाला एकशे आठच नावं पाहिजेत म्हणून अडून बसला होता. एक्याऐंशी नावं मी शाळेच्या जनरल रजिस्टरातून काढली. पुढे सगळ्या सुनीता आणि अनिताच लागल्या. उरलेले सत्तावीस रकाने रिकामे दिसत होते. पुढचं तुला कळलंच असेल. अर्थही बरेचसे मीच लिहिले. तुझं नाव त्र्याहत्तराव्या क्रमांकावर आहे, ‘लीला : शांत, मितभाषी’. आता शनिवारी मी अर्थ खोटा म्हटलं तर ऋतिकाच्या आईचं फूल पुसलं जातं, आणि खरा म्हटलं तर शुभांगी पुरावा मागते. पुरावा म्हणजे मी. मला फार भीती वाटते आहे.

ता. क. २ : आता मुख्य गोष्ट, जिच्यासाठी हे सगळं पत्र लिहिलं. त्या सत्तावीसांतली सव्वीस नावं मी रकाने भरायला रचली. मिहुली हे तसं नाही. ते तुला आठवत असणार, निदान आठवायला हवं. सन त्र्याण्णवला पौडाच्या दवाखान्यात शुभांगी झाली आणि मी पहाटे नदीकाठाने चालत घरी निघालो. मुळेच्या पाण्यावर पहिलं ऊन पडलं होतं. त्याला काय म्हणतात ते मला माहीत नव्हतं, म्हणून मीच एक शब्द केला आणि तो फक्त तुला सांगितला. बारशाच्या दिवशी तू वाकलीस, पण बायकांना दम कुठला? तू कानाशी तोंड नेण्याआधीच त्यांनी तुझ्या पाठीत धपाटे घालायला सुरुवात केली. अंबाबाईच्या सासूचा हात कसा होता ते आठव. पहिल्याच दणक्याला तुझ्या तोंडून तुझ्या पुतणीचं नाव निघालं, शुभांगी. कानात गेलेलं नाव परत काढता येत नाही. अर्थ चांगला आहे ना, मग झालं, असं तू म्हणालीस. मीही काही बोललो नाही. बोलायला हवं होतं. दोन वर्षांनी कोंडिबाचं काम आलं तेव्हा ते नाव मी तिथे ठेवून दिलं, कुठेतरी असावं म्हणून. कुणी वाचील असं वाटलं नव्हतं. आणि लवळ्यात एका बाईने ते वाचलं, लाल शाईने फूल काढलं, आणि तिच्याही वाटेत आत्या आली! बत्तीस वर्षांनी ऋतिकाने तो अर्थ मोठ्याने वाचला तेव्हा मी उठून गोठ्यात गेलो आणि म्हशींसमोर रडलो. हे कुणाला सांगू नकोस.

तेव्हा, अक्का, शनिवारी सकाळच्या गाडीने ये आणि शुभांगीला तुझ्या तोंडाने सांग की हे नाव मुळात तिचं होतं. मी सांगितलं तर ती पुरावा मागेल. तू सांगितलंस तर मागणार नाही, कारण तुझ्यासमोर मधे बोलायला कुणाला जागाच मिळत नाही. अर्थ खरा आहे. मूळ तेवढं चुकलं आहे. प्राकृत नव्हे, घोटावडे.

ता. क. ३ : हे पत्र वाचून झालं की चुलीत घाल. उद्या पिरंगुटला जाईन तेव्हा टपालात टाकीन. तोवर पंचांगात ठेवतो, तिथे कुणी बघत नाही.

*

वन्सं, नमस्कार. हे अक्षर माझं आहे. रविवारचा मुहूर्त बघायला पंचांग उघडलं, तर हे पत्र सापडलं. ह्यांनी दुसऱ्यांना लिहिलेली पत्रं वाचायची मला सवय नाही, पण हे फार जाड होतं. मी वाचलं, ऋतिकाने वाचलं, मग शुभांगीला दिलं. तिने दोनदा वाचलं. पहिल्या खेपेला पेन घेऊन बसली, चार चुका काढल्या. दुसऱ्या खेपेला पेन खाली ठेवलं. मग ऋतिकाजवळ जाऊन बसली, पुस्तक मागून घेतलं, आणि दोघी त्या लाल फुलाकडे बघत बसल्या. नंतर मला म्हणाली, आई, माझं नाव मी माझ्या भाचीला देणार, त्याला कुणाचा पुरावा लागतो? ह्यांना अजून काही सांगितलेलं नाही. शनिवारी निकाल द्यायला उभे राहू देत, आम्हाला बघायचं आहे.

लवळ्याच्या विद्यापीठातून आज छापील पत्र आलं, ‘कु. मिहुली यांस’ असं. ते शुभांगीने पाळण्याला बांधलं आहे.

एक तेवढं राहिलं. शुभांगी पहाटे झाली नव्हती. सकाळी साडेदहाला झाली, मी तिथेच होते. हे घरी निघाले तेव्हा बारा वाजले असतील, ऊन कसलं पहिलं, डोक्यावर आलं होतं. पण ते तुम्ही काढू नका, शुभांगीने त्या जागी पेनाने खूण केली होती, ती तिनेच खोडली.

तुम्ही शनिवारी नक्की या. धपाटे नाव सांगून झाल्यावरच घालायचे, असं या वेळी सगळ्या बायकांना बजावलं आहे.